चाळिशीत डिग्री करायचीय, पण वयाचं काय?

उत्तर आधीच देऊन टाकतो, कारण बरेच जण तेवढ्यासाठीच आलेले असतात. साध्या डिग्रीला, म्हणजे बीए, बीकॉम, एमए असल्या कोर्सला, जगातल्या बहुतेक युनिव्हर्सिट्यांत वरच्या वयाची अट नाही. तुम्ही ३५ चे आहात की ७५ चे यावरून कोणी फॉर्म परत करत नाही, आपल्याकडेही नाही आणि बाहेरही नाही. २०१७ मध्ये नालंदा ओपन युनिव्हर्सिटीतून राजकुमार वैश्य नावाचे पाटण्याचे आजोबा इकॉनॉमिक्समध्ये एमए झाले तेव्हा ते ९७-९८ वर्षांचे होते, आणि त्यांची बीए होती १९३८ ची. त्याआधी २००७ मध्ये अमेरिकेत कॅन्ससमधल्या फोर्ट हेज स्टेट युनिव्हर्सिटीतून नोला ऑक्स या आजी ९५ व्या वर्षी ग्रॅज्युएट झाल्या होत्या.

मग तरी "आता या वयात कोण घेणार" हे घरोघरी का ऐकू येतं? कारण वयाची अट म्हणून आपण जे म्हणतो त्यात तीनचार वेगवेगळ्या भानगडी असतात. कमीत कमी वय हा एक विषय, जास्तीत जास्त वय हा दुसरा, काही देशांत अमुक वय झालं की तुमच्यासाठी वेगळी रांग असते तो तिसरा, आणि चौथा म्हणजे युनिव्हर्सिटीच्या बाहेरची वयं, व्हिसा, इन्शुरन्स, स्कॉलरशिप, सरकारी नोकरी वगैरे. माझं मत विचाराल तर खरी अडवणूक या चौथ्यात आहे आणि तिकडे कोणी बघतच नाही.

कमीत कमी वयाचं पटकन उरकतो. आपल्याकडे मेडिकलला नीटसाठी प्रवेशाच्या वर्षी ३१ डिसेंबरपर्यंत १७ पूर्ण लागतात, हुशार पोरं दोन इयत्ता उडी मारून येतात त्यांना इथे थांबावं लागतं. ब्रिटनमध्ये रूथ लॉरेन्स नावाची मुलगी १९८३ मध्ये १२ व्या वर्षी ऑक्सफर्डला मॅथ्स शिकायला गेली आणि १९८५ मध्ये डिग्री घेऊन बाहेर पडली, वडील सोबत असायचे. पण आज बाहेरून जाणाऱ्यासाठी तिथला स्टुडंट व्हिसाच १६ च्या खाली मिळत नाही. म्हणजे युनिव्हर्सिटी हो म्हणाली तरी व्हिसावाले नाही म्हणणार, आणि हीच गोष्ट वयाच्या दुसऱ्या टोकालाही होते, ती पुढे येईलच.

आता जास्तीत जास्त वय. इथे गंमत अशी की ही अट जिथे जिथे सापडते तिथे ती बहुतेक प्रोफेशनल कोर्सला असते, मेडिकल, लॉ, इंजिनिअरिंग, आणि ती लावणारी बहुतेक वेळा युनिव्हर्सिटी नसून वरची कौन्सिल असते. नीटचंच घ्या. २०१७ च्या सुमारास ओपनला २५ आणि राखीव प्रवर्गांना ३० अशी वरची अट आली, लोक कोर्टात गेले, २०१८ मध्ये दिल्ली हायकोर्टाने अट बरोबर आहे म्हणून सांगितलं, मग त्याच वर्षी सुप्रीम कोर्टाने अंतिम निकालापर्यंत २५ च्या वरच्यांनाही परीक्षेला बसू द्या म्हटलं, आणि शेवटी मार्च २०२२ मध्ये नॅशनल मेडिकल कमिशनने ती अटच काढून टाकली. मधल्या त्या कोर्टाच्या सवलतीच्या काळातच, २०२० मध्ये, ओडिशातले एक रिटायर्ड बँक अधिकारी ६४ व्या वर्षी नीट पास होऊन बुर्ल्याच्या सरकारी मेडिकल कॉलेजात एमबीबीएसला लागले. पेपरात फोटो आले, लोकांनी कौतुक केलं, आणि अर्ध्या लोकांनी असंही म्हटलं की एका तरुण पोराची सीट गेली.

तो दुसरा मुद्दा उगाच झटकून टाकण्यासारखा नाही. एमबीबीएसच्या सरकारी सीटवर लोकांचा पैसा लागतो, साडेपाच वर्षं शिक्षण, मग पीजी, मग कुठे डॉक्टर पूर्ण तयार होतो, तर ६४ व्या वर्षी सुरू करणारा माणूस किती वर्षं पेशंट बघणार, हा प्रश्न कोणीही विचारेल. पण मग तो प्रश्न उघड विचारावा, नियमात लिहावा, कोर्टात तपासला जाऊ द्यावा. जपानमध्ये नेमकं उलटं झालं. २०१८ मध्ये टोकियो मेडिकल युनिव्हर्सिटीचं प्रकरण बाहेर आलं, तिथे प्रवेश परीक्षेचे मार्क गुपचूप फिरवले जात होते, मुलींचे आणि वारंवार परीक्षा देणाऱ्यांचे. मुलगे पहिल्या दुसऱ्या तिसऱ्या प्रयत्नात असतील तर वाढीव मार्क, मुली असतील किंवा चौथ्यापुढचा प्रयत्न असेल तर काही नाही. फॉर्मवर कुठेही वयाची अट नाही, आणि आत मात्र आहे. त्याच्याही आधी, २००५ मध्ये गुन्मा युनिव्हर्सिटीच्या मेडिकलला एका ५५ वर्षांच्या बाईंना चांगले मार्क असूनही घेतलं नाही, वय बघून नाकारलं असं म्हणत त्या कोर्टात गेल्या आणि हरल्या. मला तर लिहिलेली अट परवडली असं वाटतं, निदान तिच्याशी भांडता येतं.

लॉचं आपल्याकडे असंच बरीच वर्षं चाललं. बार कौन्सिलच्या २००८ च्या नियमांत पाच वर्षांच्या कोर्सला २० आणि तीन वर्षांच्या कोर्सला ३० अशी कमाल वयं होती, २०१३ मध्ये ती मागे घेतली, २०१६ मध्ये परत आणली, २०१७ मध्ये सुप्रीम कोर्टाने त्यावर स्टे दिला. आज क्लॅटला, म्हणजे नॅशनल लॉ युनिव्हर्सिट्यांच्या प्रवेश परीक्षेला, वरच्या वयाची अट नाही, आपल्या लॉ सीईटीलाही नाही, म्हणून तर रिटायर झालेले बँकवाले, शिक्षक, पोलीस खात्यातले लोक तीन वर्षांच्या एलएलबीला बसलेले दिसतात. आणि पुढे वकील म्हणून नाव नोंदवायला ४५ ची मर्यादा होती ती तर सुप्रीम कोर्टाने १९९५ मध्येच रद्द केली. त्यामुळे कोणी जुन्या माहितीवर तुम्हाला घाबरवत असेल तर त्याला तारीख विचारा. वयाच्या बाबतीत निम्मी माहिती अशीच शिळी फिरत असते.

इंजिनिअरिंगला एक बारीक गोष्ट आहे ती लक्षात घ्या. जेईई मेनच्या माहितीपत्रकात लिहिलेलं असतं की वयाची अट नाही, आणि ते खरंच आहे, पण बारावी त्याच वर्षी किंवा आधीच्या दोन वर्षांत झालेली पाहिजे असंही असतं. म्हणजे १९९८ ला बारावी झालेल्या माणसाला वयाने नाही अडवलं, बारावीच्या सालाने अडवलं. जेईई ॲडव्हान्स्डला तर वयही आहे, ओपनला साधारण २५ आणि एससी, एसटी, दिव्यांगांना पाच वर्षं सूट. आपल्या एमएचटी-सीईटीला वयाची अट नाही. आणि आयआयटीच हवी असेल तर आयआयटी मद्रासचा डेटा सायन्सचा ऑनलाइन बीएस कोर्स आहे, त्याला जेईई लागत नाही, त्यांची स्वतःची पात्रता फेरी असते आणि वय विचारत नाहीत, तिथे नोकरी करणारे तिशी-चाळिशीतले भरपूर लोक आहेत.

चीनची गोष्ट वेगळीच. सांस्कृतिक क्रांतीत त्यांची गाओकाओ, म्हणजे युनिव्हर्सिटी प्रवेशाची परीक्षा, बंद पडली होती, दहा वर्षांहून जास्त, पोरं खेड्यात शेतावर पाठवलेली. १९७७ च्या शेवटी ती पुन्हा सुरू झाली तेव्हा एवढ्या वर्षांचे तुंबलेले सगळे एकदम आले, ५७ लाख लोक परीक्षेला बसले आणि जागा होत्या पावणेतीन लाखांच्या आसपास. नेहमीची अट होती २५ च्या आत आणि अविवाहित, पण या लोकांची वर्षं सरकारनेच खाल्लेली, मग ३० पर्यंत सूट दिली, लग्न झालेलं असलं तरी चालेल म्हटलं. लेकराला घरी ठेवून परीक्षेला आलेले आईबाप होते त्यात. पुढे २५ ची आणि लग्नाची ती अट राहिली, ती गेली थेट २००१ मध्ये. तेव्हापासून लियांग शी नावाचे सिचुआनचे एक उद्योजक परत परीक्षेला बसायला लागले, १९८३ पासून चाललंय त्यांचं, २०२३ मध्ये ५६ व्या वर्षी २७ व्यांदा बसले, मनासारखी टॉपची युनिव्हर्सिटी काही मिळेना.

आता माझ्या मते सगळ्यात इंटरेस्टिंग भाग, जिथे वय वाढलं की दार उघडतं. आपल्याकडे हे ऐकूनच लोक चक्रावतात. स्पेनमध्ये बारावी नसली तरी २५ पूर्ण असतील तर युनिव्हर्सिटीसाठी वेगळी परीक्षा देता येते, ४५ च्या पुढच्यांसाठी आणखी वेगळी आणि सोपी, आणि ४० च्या पुढे तर तुमचा कामाचा अनुभव दाखवूनही जाता येतं, त्या कामाशी संबंधित कोर्स असेल तर. या सगळ्यांसाठी थोड्या जागा राखूनही ठेवलेल्या असतात. पोर्तुगालमध्ये २००६ पासून २३ वर्षांवरच्यांसाठी असाच रस्ता आहे, शाळेचा दाखला काय म्हणतो त्यापेक्षा तुम्ही आज काय करू शकता ते युनिव्हर्सिटी स्वतः तपासते. आयर्लंडमध्ये ज्या वर्षी प्रवेश घ्यायचा त्या वर्षीच्या १ जानेवारीला २३ पूर्ण असले की तुम्ही मॅच्युअर स्टुडंट, मग शाळेच्या बोर्डाच्या पॉइंटांची जी मारामारी असते त्यात तुम्हाला पडावं लागत नाही, तुम्ही काय केलंत, का शिकायचंय ते लिहून द्यायचं, काही ठिकाणी इंटरव्ह्यू. फक्त १ फेब्रुवारीची तारीख चुकवायची नाही.

स्वीडनने तर १९७७ मध्ये सरळ नियमच केला होता, २५ वर्षं वय आणि ४ वर्षं काम, बास, तुम्ही पात्र. त्याला लोक पंचवीस-चार म्हणूनच ओळखायचे. घरकाम आणि मुलं सांभाळणं हेही काम म्हणून धरायचे त्यात, त्यामुळे बऱ्याच बायका त्या रस्त्याने शिकायला आल्या. पुढे तो नियम गेला, पण १९७७ मध्येच सुरू झालेली आणि पुढे सगळ्यांसाठी खुली झालेली त्यांची प्रवेश परीक्षा अजून चालू आहे. नॉर्वेत २५ च्या पुढच्यांचा अनुभव कागदपत्रांवरून तपासून प्रवेश देतात, आणि गंमत म्हणजे तिथे नेहमीच्या मेरिटमध्येही वयाचे पॉइंट मिळत आले आहेत, २० व्या वर्षापासून दर वर्षाला दोन, जास्तीत जास्त आठ. पण मग तरुणांवर अन्याय नको म्हणून पहिल्यांदा शाळा संपवून येणाऱ्या २१ पर्यंतच्या पोरांसाठी वेगळा कोटाही. ही पद्धत बदलायची की नाही यावर तिथे बरेच वाद झालेत, आणि ते साहजिक आहे, पोरं पॉइंट वाढावेत म्हणून नुसती वर्षं घालवत बसली तर कसं चालेल.

ब्रिटनमध्ये २१ च्या पुढे पहिल्या डिग्रीला आलात की तुम्ही मॅच्युअर स्टुडंट, म्हणजे आपल्याकडे नुकतं ग्रॅज्युएट होतं त्या वयाला तिथे पोक्त म्हणतात. ऑक्सफर्डमध्ये हॅरिस मँचेस्टर कॉलेज फक्त अशांसाठीच आहे, केंब्रिजमध्ये ह्यूज हॉल, वुल्फसन, सेंट एडमंड्स. लंडनचं बर्कबेक तर १८२३ चं, दिवसभर काम करणाऱ्या लोकांसाठी संध्याकाळी शिकवणारं. आणि ज्यांच्याकडे शाळेचे ए-लेव्हल नाहीत ते एक वर्षाचा ॲक्सेस डिप्लोमा करून येतात. पण सगळ्यात मोठी उडी म्हणजे ओपन युनिव्हर्सिटी, १९६९ ला स्थापन, १९७१ च्या जानेवारीत वर्ग सुरू, बहुतेक कोर्सला कसलीच पात्रता नको. सुरुवातीला तिथे उलटी अट होती, २१ च्या आतल्यांनी येऊ नये!

अमेरिकेत हे सैनिकांमुळे झालं. दुसऱ्या महायुद्धावरून परत आलेल्यांना शिकण्यासाठी पैसे देणारा जीआय बिल नावाचा कायदा १९४४ मध्ये झाला आणि १९४७ मध्ये तिथल्या कॉलेजांत जवळजवळ निम्मे विद्यार्थी हे माजी सैनिक होते, बरेचसे लग्न झालेले, पोरंबाळं असलेले. कॉलेजात बायकोमुलांना राहायला जागा द्यायची वेळ आली. तेव्हापासून मोठ्या वयाचा विद्यार्थी तिथे कोणाला विचित्र वाटत नाही. पुढे १९७५ च्या कायद्याने सरकारी पैसा घेणाऱ्या संस्थांना वयावरून भेदभाव करायला बंदी झाली, आणि कॅलिफोर्निया स्टेट युनिव्हर्सिटीत तर तिथल्या ६० च्या पुढच्या रहिवाशांची फी जवळजवळ माफ असते.

हे वाचून लगेच बॅग भरू नका. स्पेन, आयर्लंड, नॉर्वेची ही जी खास दारं आहेत ती मुख्यतः तिथे राहणाऱ्यांसाठी आहेत. पुण्यातून अर्ज करणाऱ्याला नेहमीच्या रांगेतच यावं लागतं, मार्कशीटं, इंग्रजीची परीक्षा, आणि मधल्या वर्षांचा हिशोब. आणि तिथूनच ती चौथी भानगड सुरू होते. जर्मनीत युनिव्हर्सिटीला वयाशी काही घेणंदेणं नाही, पण विद्यार्थ्यांचा स्वस्त सरकारी हेल्थ इन्शुरन्स ३० पर्यंतच. आपली पोरं आधी चारपाच वर्षं नोकरी करून मग मास्टर्सला जातात, तिथे पोचेपर्यंत तिशी उलटते आणि महिन्याचं बजेट कोलमडतं. ऑस्ट्रेलियाने १ जुलै २०२४ पासून शिक्षणानंतर राहून काम करण्याच्या व्हिसाचं कमाल वय ५० वरून ३५ वर आणलं, रिसर्च डिग्रीवाल्यांना वगैरे सोडून. म्हणजे ३७ व्या वर्षी मेलबर्नला मास्टर्सची ॲडमिशन मिळेल, फी आनंदाने घेतील, डिग्रीही देतील, पण नंतर तिथे थांबून ते पैसे फेडायचा जो प्लॅन होता तो गेला. एजंट हे आपणहून सांगतीलच असं नाही. इंग्लंडमध्ये तिथल्या विद्यार्थ्यांना फी-लोनला वय नाही पण राहण्याखाण्याच्या लोनचा नियम ६० ला बदलतो. जर्मनीने सरकारी मदतीचं वय २०२२ मध्ये ४५ पर्यंत वाढवलं, तीही तिथल्यांसाठीच. आणि आपल्याकडे? डिग्री कधीही घ्या, पण एमपीएससीला ओपनमध्ये ३८, मागासवर्गीयांना ४३. पस्तिशीत बीए सुरू करणाऱ्याने हे आधी कॅलेंडरवर मांडून बघावं.

घरी बसून करायचं असेल तर आपल्याकडे रस्ते चांगले आहेत, लोकांना माहीत नसतात एवढंच. हैदराबादला १९८२ मध्ये देशातलं पहिलं मुक्त विद्यापीठ झालं, १९८५ मध्ये इग्नू, आणि १९८९ मध्ये नाशिकला आपलं यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठ. इग्नू आणि नाशिक, दोन्ही ठिकाणी बारावी नसलेल्या १८ वर्षांवरच्यांसाठी पूर्वतयारीचा कोर्स ठेवलेला, तो करून बीए-बीकॉमला जाता यायचं. पण सावध, इग्नूने स्पष्ट म्हटलंय की पूर्वतयारी म्हणजे बारावी नव्हे. काही नोकऱ्यांच्या जाहिरातीत बारावी, मग डिग्री असं ओळीने मागतात तिथे अडचण येऊ शकते. म्हणून ज्यांना डिग्रीचा नोकरीसाठी उपयोग करायचाय त्यांनी सतरा नंबरचा फॉर्म भरून (म्हणजे बाहेरून परीक्षा देऊन) किंवा एनआयओएस या राष्ट्रीय मुक्त शाळेतून बारावी करून घेतलेली बरी, एनआयओएसला वरचं वय नाहीच. ज्यांना फक्त शिकायचंय, नावापुढे बीए लागलेलं बघायचंय, त्यांनी एवढा विचार करायची गरज नाही. पंधरावीस वर्षांपूर्वी अर्धवट सोडलेली डिग्री पुढे चालू होईल का असं बरेच जण विचारतात. पास केलेल्या विषयांचे क्रेडिट जिथे खात्यावर जमा राहतात त्या नव्या क्रेडिट बँकेत ते सात वर्षांपर्यंत धरतात, त्यामुळे जुन्या वार्षिक पॅटर्नचं एफवाय-एसवाय तिथे आपोआप चढेल या आशेवर राहू नका, युनिव्हर्सिटीत जाऊन विचारा, नाहीतर पहिल्यापासून सुरू करायची तयारी ठेवा.

आणि कागदपत्रं. मोठ्या वयाच्या माणसाचा फॉर्म अडकतो तो खरं तर इथे. लिव्हिंग सर्टिफिकेट हरवलेलं असतं, शाळा बंद पडलेली असते, बारावीचं मार्कशीट कुठल्यातरी जुन्या ट्रंकेत पुरात भिजलेलं. डुप्लिकेट मार्कशीट बोर्डाच्या विभागीय मंडळाकडून मिळतं, पण बैठक क्रमांक आणि साल माहीत असेल तर काम लवकर होतं, म्हणून एखाद्या वर्गमैत्रिणीला फोन करून तिचा नंबर विचारा, शेजारचाच असायचा. बायकांचं आणखी एक, मार्कशीटवर माहेरचं नाव आणि आधारवर सासरचं, मग मॅरेज सर्टिफिकेट नाहीतर गॅझेट लागतं, आणि गॅझेटला वेळ लागतो. मधल्या वर्षांसाठी गॅपचं ॲफिडेव्हिट मागतात, ते सेतूत किंवा नोटरीकडे होतं, त्यात "घर सांभाळत होते" असं लिहिलं तरी चालतं, लाजू नका. जूनमध्ये ॲडमिशन असेल तर हे सगळं फेब्रुवारी-मार्चमध्येच काढायला घ्या, मे महिन्यात बोर्डाच्या ऑफिसात पाय ठेवायला जागा नसते.